मुद्दाम नापास

तीर्थस्वरूप ताईस,

धाकट्याचा नमस्कार पोचावा. (डोकं टेकवून करणार होतो, पण डोकं कशालाही लावायचं नाही अशी घरातून सक्त ताकीद आहे. तेव्हा हात जोडलेत असं समज.) तुझी तब्येत कशी आहे? भावोजींचा गुडघा काय म्हणतो? त्यांना म्हणावं, बर्फ लावा आणि जिना टाळा. माझे दोन्ही गुडघे उघडून झालेत, त्यामुळे निदान या एका विषयात माझ्या शब्दाला वजन आहे. इकडे सगळे खुशाल. तुझी भावजय माझ्यावर चिडलेली आहे, म्हणजे ठणठणीत आहे. ठमी आता आठ वर्षांची झाली, आणि बापाला नावं ठेवायला तिला आईची मदत लागेनाशी झालीय.

फोन सोडून पत्र कशाला, असं तू विचारणारच. एक तर फोनवर तू मला बोलू देत नाहीस. दुसरं म्हणजे, हल्ली बोलता बोलता एखादा शब्द सापडत नाही. जिभेच्या टोकापर्यंत येतो आणि तिथेच बसकण मारतो. पत्रात कसं, शब्द येईपर्यंत पेन धरून बसता येतं आणि पलीकडून कुणी 'हॅलो, हॅलो' करत नाही. आत्ताच 'बसकण' शब्दासाठी मी खिडकीबाहेर बघत बसलो होतो. शेजाऱ्याला वाटलं असेल, त्याच्या गाडीवर माझा डोळा आहे.

या धंद्याला तूच मला लावलंस, हे विसरू नकोस. तुम्हा मोठ्यांच्या खेळात मी लिंबूटिंबू. तू म्हणालीस, तू आपला मागे उभा राहा आणि कुणी आलं की आडवा पड. तेव्हापासून मी आडवा पडतोय, फक्त पुढे पुढे त्याचा पगार मिळायला लागला. माझ्याबरोबरची पुढे खेळणारी पोरं गोल मारून मोठी झाली, त्यांची पोस्टरं लागली, एकाच्या नावाने तर शाम्पू निघाला. बचाव करणाऱ्याच्या नावाने कोण शाम्पू काढणार? फार तर मलम निघेल. आमचं नशीबच असं की सबंध मॅच घर राखलं तर कुणाला आठवत नाही, आणि एकदा डुलकी लागली तर लोक नातवंडांना सांगतात. नाक तर इतक्या वेळा मोडलं की शेवटच्या वेळी ते आपोआप मूळ जागेवर आलं. (फुकटात! फिजिओ म्हणाला, हात लावू नका आता.) पुढचे दोन दात माझे नाहीत, डाव्या भुवईत भुवई कमी आणि टाके जास्त. आणि डोकं. चेंडू उंच आला की पुढचे बाजूला होतात, गोलकीपर मागून बोंब मारतो, आणि डोकं लागतं ते माझं. मॅचमधलं सोड, सरावात कोच रोज उंच चेंडू टाकत राहतो आणि मी परतवत राहतो. एवढी वर्षं हेच. यंदाचा हंगाम शेवटचा. तो नीट पार पडला तर क्लब मला पोरांना शिकवायला ठेवून घेईल. मध्येच डोक्यापायी बसवलं, तर हातात नारळ आणि घरचा रस्ता. या वयात मला दुसरं काय येतं, सांग बरं? आडवं पडायचं कुठल्या ऑफिसात काम असतं?

आता झालेली फजिती ऐक. गेल्या महिन्यात माझ्या जुन्या क्लबाशी मॅच होती. कॉर्नर आला की कुणी कुठे उभं राहायचं, हे कोचने सकाळीच फळ्यावर आखून दाखवलं होतं. माझ्या वाट्याला त्यांचा उंच स्ट्रायकर, ज्याला आम्ही जिराफ म्हणतो. कॉर्नर आला, आणि मी शांतपणे गोलच्या जवळच्या खांबापाशी जाऊन उभा राहिलो. का? तर जुन्या क्लबात माझी जागा ती होती. बरं, नुसता उभा नाही राहिलो, तर हातवारे करून इतरांनाही त्यांच्या जागा दाखवत होतो! एवढा आत्मविश्वास मला लग्नातही नव्हता. तिकडे जिराफाने अगदी निवांत गोल केला. कोचने पाण्याची बाटली आपटली. दुसऱ्या दिवशी पेपरात आलं की याचं वय झालं. मला तर हायसंच वाटलं. वय झालं म्हणजे निदान सगळ्यांचं होतं तेच झालं.

पण खरी गंमत मॅचनंतरची, जी पेपरात आली नाही. अंघोळ करून, बॅग खांद्याला लावून बाहेर आलो, बसमध्ये चढलो, मागे खिडकीपाशी माझ्या जागेवर बसलो, चपला काढून पाय पसरले. हळूहळू बस भरली. जो येतो तो माझ्याकडे बघतो. शेवटी जिराफ वर चढला आणि पोट धरून हसत सुटला, 'अरे, दादा परत आला!' ती त्यांची बस होती, ताई. माझी जुनी बस, माझी जुनी जागा. सगळ्यांनी टाळ्या पिटल्या. मग मीही डोळा मारला, 'काय, घाबरलात ना?' म्हणून उतरलो. तिकडे अजून म्हणे या थट्टेची आठवण काढतात, काय भारी माणूस म्हणून. चपला तिथेच राहिल्या.

आता हे तुलाच सांगतोय, भावोजींनासुद्धा नको. हंगाम सुरू व्हायच्या आधी आमची डोक्याची परीक्षा असते. एका खोलीत बसवून दहा शब्द वाचून दाखवतात, मग विचारतात, कोणकोणते होते? दिवा लागला की बटण दाबायचं, चित्रं ओळखायची, असलं काय काय. पुढे डोक्याला मार बसला की तीच परीक्षा परत, आणि मार्क घसरले तर घरी बसवतात. पण आमची जमात काही दूधखुळी नाही. माझ्या पहिल्या कॅप्टनने मला कानमंत्र दिला होता की पहिली परीक्षाच वाईट द्यायची. मुळातच ढ ठरलास, की घसरायला जागा कुठे उरते? आता हेही सोपं नाही हं. फारच वाईट दिली तर संशय येतो. वाजवी वाईट द्यावी लागते. शब्द आठवला तरी गिळायचा, बटण किंचित उशिरा दाबायचं, मधूनच कपाळाला आठी घालून 'थांबा, थांबा' म्हणायचं. शाळेत मी काहीही न करता नापास व्हायचो. इथे नापास व्हायला अभ्यास करावा लागला! पण विद्या फळली. दरवर्षी कुठे ना कुठे डोकं आपटायचं, परत परीक्षा व्हायची, मार्क तेवढेच यायचे, आणि मी पुढच्या मॅचला हजर.

यंदा नवीन डॉक्टरबाई आल्या. चष्म्यावरून बघत म्हणाल्या, तुम्हा लोकांच्या युक्त्या मला पाठ आहेत, मुद्दाम चुकता तुम्ही, या वेळी प्रामाणिकपणे द्या. (थेट तुझा आवाज.) मला काय हुक्की आली कोण जाणे. म्हटलं, बाईंना दाखवूनच देऊ या खोक्यात काय माल आहे तो! तोंडावर पाणी मारून आलो, पाठ ताठ करून बसलो आणि जीव ओतून परीक्षा दिली. घामाने शर्ट भिजला. बाईंनी गेल्या वर्षीचे मार्क काढले, शेजारी यंदाचे ठेवले, आणि त्यांचा चेहरा एकदम खुलला. म्हणाल्या, अहो, काहीच फरक नाही! म्हणजे तुम्ही खरीच देत होतात, मीच उगाच संशय घेतला. चक्क माफी मागितली त्यांनी. मी म्हटलं, असू दे हो, चालायचंच.

ताई, गेल्या वर्षी मी मुद्दाम चुकलो होतो. यंदा नाही चुकलो. बाहेर येऊन गाडीत बसलो, पण गाडी सुरू करवेना. पाचावर धारण बसणं म्हणजे काय, ते मला त्या दिवशी कळलं. एवढे धिप्पाड लोक अंगावर आले, मी कधी भ्यायलो नाही. आता भितोय. कुणी अंगावर येत नाहीये, तरी भितोय.

असो. तुला काळजी लावायला पत्र लिहिलं नव्हतं. भावोजींना नमस्कार, गुडघा जपायला सांग. तुम्ही दोघं एकमेकांना जपा.

तुझा,
लिंबूटिंबू

ता.क. – एक राहिलंच. (राहिलं नव्हतं, धीर होत नव्हता.) डॉक्टरबाई तुला फोन करणार आहेत. माझ्या वयाच्या खेळाडूला जवळून ओळखणाऱ्या एका माणसाला विचारायचा त्यांचा शिरस्ता आहे, की याच्यात काही बदल वाटतो का, विसरतो का, चिडतो का. मी तुझा नंबर दिलाय. तुझ्या भावजयीचा देता आला असता, पण ती खरं बोलते. तू एवढंच सांग, की हा जन्मापासून असाच धांदरट आहे. गेल्या खेपेला तुमच्याकडे एकच किस्सा मी एकाच जेवणात तीनदा सांगितला आणि भावोजी तिन्ही वेळा हसले, ते सांगू नकोस. (भावोजी देवमाणूस आहेत.) हंगाम संपेपर्यंत झाकली मूठ राहू दे. एवढं माझ्यासाठी कर.

ता.क. दुसरा – पाकीट चिकटवणार, तेवढ्यात ठमी खेळायला आली. त्या परीक्षेचा मी घरी खेळ केलाय, सराव म्हणून. तिची आई दहा शब्द वाचते, आधी मी आठवून सांगायचे, मग ठमीने. पूर्वी ती मला धूळ चारायची आणि घरभर नाचायची. गेले काही दिवस मी जिंकत होतो. मला वाटलं, सुधारतोय. आज सहज तिच्या तोंडाकडे लक्ष गेलं. शब्द ओठांवर आला होता तिच्या, मी पाहिला. तिने तो गिळला, कपाळाला आठी घातली, 'थांबा, थांबा' म्हणाली, आणि बरोबर माझ्याहून एक शब्द कमी सांगून थांबली. वाजवी वाईट. तिला हे कुणीही शिकवलेलं नाही, ताई. मग टाळ्या वाजवून 'बाबा जिंकले' म्हणाली, आणि माझ्याकडे न बघता आत गेली.

बाईंचा फोन आला की सगळं सांग. तो तीनदा सांगितलेला किस्सा सांग, त्या बसचं सांग, मी तुला खोटं बोलायला सांगितलं होतं तेही सांग. आणि मध्येच मी फोन करून काही वेगळं सांगायला लागलो, हातापाया पडलो, तरी माझं ऐकू नकोस.