चौथीचा वर्ग शांत झाला

१० नोव्हेंबर
आज नव्या शाळेत रुजू झालो. पेडण्याहून थेट डिचोलीच्या खाणपट्ट्यात बदली झाली म्हणून घरी कुरकुर होती, पण जागा पाहून मन प्रसन्न झाले. सारवलेले अंगण, दारात तुळस. चौथीच्या वर्गाचे जनेल उघडले की मागची डेरेदार सातवीण दिसते. तिच्याखाली गाव राखणाऱ्या देवाचा, राखणदाराचा दगड, आणि पलीकडे बंद खाणीचा खड्डा, हिरव्या पाण्याने काठोकाठ भरलेला. चपला काढून दगडाला नमस्कार केला. सरस्वतीबाईंनी चहाबरोबर उंडे पाव आणले होते. त्या इथे जुन्या शिक्षिका. म्हणाल्या, नमस्कार खुशाल करा, पण गाऱ्हाणे देवस्थानचे मानकरी भिकाजी गावकारच घालतात. राखणदाराकडे दुसऱ्या कुणी काही मागायचे नाही.

१३ नोव्हेंबर
वर्ग आवरत नाही. साईश बसच्या कंडक्टरसारखा "फुडें वच, फुडें वच" ओरडतो आणि सगळी पोरे एकमेकांना पुढे ढकलत फळ्यापर्यंत येतात. गौरवी कंपासपेटीवर जत्रेचा ढोल वाजवते. भिकाजींचा नातू रुद्रेश याने गंभीर चेहऱ्याने विचारले, आदले सर दिवाळीपर्यंत टिकले, तुमी नाताळापर्यंत रावतले मरे? मला हसू आले, तेही चुकले.
प्रशिक्षणात सांगितले ते सारे केले. ओरडलो नाही. नियम मुलांकडूनच लिहून घेतले. चांगल्या वागण्याला चिकटवायच्या चांदण्या दिल्या. साईशने त्या कपाळाला लावून स्वतःचीच आरती ओवाळून घेतली.

१४ नोव्हेंबर
ढकलाढकलीत गौरवी बाकाच्या कोपऱ्यावर आपटली. भुवईला टाके पडले. तिच्या रक्ताने माखलेला हात तसाच घेऊन सातविणीखाली गेलो. या पोरांना गप्प कर, माझा शब्द ऐकतील असे कर, एवढेच म्हणालो. आपण गाऱ्हाणे घालतो आहोत हे कळत होते. तरी हात जोडलेलेच राहिले.

१७ नोव्हेंबर
साईश हाताची घडी घालून बसला. एक शब्द नाही. प्रथमच अपूर्णांकांचा धडा पुरा झाला. सरस्वतीबाईंनी काय जादू केली विचारले. धीर धरला, म्हणालो. देवापुढे जास्तीची वात लावली.

१९ नोव्हेंबर
साईशची आई शेवंती शाळेत आली. पोर घरीही बोलत नाही. म्हापशाच्या डॉक्टरांना घशात काही सापडले नाही. सर, तो तुमका तरी बोलता मरे, असे ती पुन्हा पुन्हा विचारत होती.
आज त्याचा पूर्ण बाक गप्प आहे. मधल्या सुट्टीत पोरे धावतात, पडतात, पण आवाज होत नाही.

२१ नोव्हेंबर
प्रार्थनेला सगळ्यांचे ओठ हलले. ऐकू आला तो फक्त माझा आवाज.
दुपारी सातविणीकडून "फुडें वच" ऐकले. मग कंपासपेटीवरचा ढोल. साईश माझ्यासमोर होता, तोंड मिटून. गौरवीचे दोन्ही हात बाकावर होते.

२४ नोव्हेंबर
भिकाजींकडे जाऊन सगळे सांगितले. त्यांनी एकच विचारले, मर्यादा घातली काय? शाळा सुटेपर्यंत, वर्ष सरेपर्यंत, काहीतरी. नव्हती घातली. गावकार मर्यादेवाचून कधी काही मागत नाही, म्हणून तर गाऱ्हाणे त्याने घालायचे. आता ज्या तोंडाने मागितले त्याच तोंडाने परत घ्यावे लागेल, बुधवारी, रोटाचा नैवेद्य ठेवून. तुम्हीच घाला म्हणून मी पाया पडलो. ते म्हणाले, म्हज्या हातांत आसल्यार म्हजो नातू असो बसपाचो ना. रुद्रेश दाराशी तोंड मिटून उभा होता.

२५ नोव्हेंबर
सकाळी देवापुढे तोंड उघडले.
आवाज नाही.
उद्या बुधवार—

२६ नोव्हेंबर
रोट ठेवला. ओठ हलवले, पुन्हा हलवले. पाटीवर लिहून दगडापुढे धरले. नाही—
वर्गात आहे. पाय उठत नाहीत. हात तेवढा चालतो.
सातविणीखाली कोणी हजेरी घेते आहे. माझ्या आवाजात. एकेक नाव, सावकाश, प्रेमाने.
साईश उठला. गौरवी. रुद्रेश.
वही उंच धरली, थांबा लिहून— कुणी वळून—
जनेलातून दिसतात. ओळ सरळ आहे. कुणी कुणाला ढकलत नाही. दगड मागे पडला. माझा शब्द ऐकतात—
फुडें वच, म्हणतो आहे मी तिथून—
साईशचे पाऊल पाण्या—