तोंड धुऊन ये

आत्याबाई, आधी मी कोण ते सांगावं लागेल, कारण जिवंतपणीसुद्धा तुम्ही मला थोरलीच्या नावाने हाक मारायचात आणि धाकटीच्या वाटचं बोलायचात. मी तुमची मधली सून. भडगावला मला बघायला आलात तेव्हा पदर तांब्यात बुडवून माझा गाल घासला होतात. “पोर गोरी शे का पावडर शे, देखू दे.” पदर कोरा निघाला आणि तुमचं तोंड उतरलं. मग ओठ वर करून दात बघितलेत.

परवा देवपूरची माणसं आमच्या जळगावच्या घरी नातीला बघायला आली. मुलाची आई म्हणते, “अगदी त्या नटीसारखी दिसते हो,” आणि फोनला त्या नटीचं नाव सांगते. नाव घेताच, लोक तिच्याविषयी काय काय विचारतात ते खाली ओळीने येतं. वय किती, जात कोणती, नवऱ्याने का सोडली, मूल का नाही, मेकअप नसताना कशी दिसते. बाई हसत हसत वाचतेय. नटीचं काम कसं आहे, हे विचारणारा एक निघाला नाही. मला वाटायचं तुमच्यासारखी जगात एकच. इथे तर बठ्ठा मुलूख ओला पदर घेऊन बसलाय. नंतर मी नातीला फोनला तुमचंही नाव विचारायला लावलं. तुम्हाला कोणी विचारत नाही.

नटीचे बिनमेकअपचे फोटो बघून झाल्यावर बाई नातीला म्हणाली, “तू पण तोंड धुऊन ये गं, गंमत म्हणून.” ती गेली, साबण लावून आली. बाईने हनुवटी धरून तिला ट्यूबलाइटकडे फिरवलं. “चालेल.” माझ्या मुलाने लगेच हात जोडले.

आता तीच नात माझं बोलणं फोनवर लिहितेय. विचारलं, “तुला काय वाटतं?”

“पप्पा हो म्हणून बसलेत. तू पुढचं सांग ना, आजी.”

“मी विचारलं ते सांग.”

“तिथे मला रोज तोंड धुवायला लावतील.”

हे कुठे पाठवायचं नाही, म्हणून सांगते, आत्याबाई. पोर ओल्या तोंडाने आली तेव्हा रंग किती उतरला ते मीही वाकून बघितलं.

पुरे आता लिहिणं, पोरी. होकाराचे मांडे उद्या देवपूरला जायचे होते ना? बापाला सांग, आजीचा नकार आहे, मांडे भाजणार नाही. त्यांच्या डब्यात ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी आणि ठेचा घाल. तूप अजिबात नको.