मुनीबचा चेहरा

३ सप्टेंबर २०११
तिहोमीरशी भांडण! कॅमेरा त्याचा, चौकट माझी — एवढं आधी ठरलेलं असताना! शेफिकामावशींना खिडकीशी बसवलं. डाव्या गालावर ऊन येईपर्यंत चाळीस मिनिटं. "अगं, त्या माणूस आहेत, सफरचंदांची परडी नव्हे!" तिहोमीर. मी तीस वर्षं चित्रं काढली, माहितीपट हा पहिलाच. दुसरं काही येतच नाही मला.

मावशी सांगितलं तशा बसल्या. बोस्नियाच्या युद्धात त्यांच्या मुलाला, मुनीबला, सैनिकांनी घरातून नेलं. बावीस वर्षांचा होता. एकोणीस वर्षं झाली, हाडंसुद्धा मिळाली नाहीत.

५ सप्टेंबर
मुनीबचा फोटो मागितला. नाही. घर जाळलं त्यात सगळे फोटो गेले.

"मग दिसायला कसा होता, ते सांगा ना."

मावशींचा कॉफी ओतणारा हात थांबला. "त्याला ते यंत्र बंद करायला सांग." मग अगदी हळू — "पोरी, आवाज आठवतो. जिना दोन-दोन पायऱ्या घेत चढायचा, ते आठवतं. तोंड आठवणीतून गेलं."

कॉफी पुढे सरकवत म्हणाल्या, "तू चित्रकार ना? काढ की मग."

६ सप्टेंबर
फिल्म सापडली! त्या सांगणार, मी काढणार, कॅमेरा फक्त कागद बघणार. मावशी तयार आहेत. तिहोमीर म्हणतो, "त्यांना आठवतच नाही, तर तू काढणार काय?" नाट लावायची खोडच आहे त्याला.

९ सप्टेंबर
चौथा दिवस. "कान जरा बाहेर." "भुवया जाड — छे, पूस." दुपारी एकदम तोंडावर हात ठेवला त्यांनी. "हाच! हाच माझा मुनीब!" कागदाचा मुका घेतला. ओठांना चित्रातला कोळसा लागला. कॅमेऱ्यामागे तिहोमीर रडत होता.

मी नाही रडले. उजेड किती छान पडलाय, ते बघत होते. लिहायचीही लाज वाटते.

१० सप्टेंबर
सामान बांधताना तिहोमीर म्हणाला, "वरचा ओठ तुझा नेहमीचाच आहे. तुझ्या प्रत्येक चित्रात असतो."

खरंय. त्यांना जिथे आठवत नव्हतं, तिथे माझ्या हाताने सवयीचं भरलं. बहुतेक सगळीकडेच.

२ ऑक्टोबर
तुझ्ला शहराच्या बसस्थानकावर चित्रातला तो दिसला. तिकिटाच्या रांगेत. तेच कान, तोच ओठ. जो कधी नव्हताच, त्याचं भूत होतं का?

३ ऑक्टोबर
आज पुन्हा.

१४ नोव्हेंबर
गावच्या शाळेत फिल्म दाखवली. माणसं ढसाढसा रडली. मावशींनी चित्राला चौकट करून घेतलीय. रोज सकाळी त्याच्याशी बोलतात. "आता घरी असतो गं तो," म्हणाल्या. किती वर्षांनी पोटभर जेवल्या, असं शेजारीण सांगत होती.

चेहरा माझ्या हातचा आहे, हे सांगणार होते. नाही सांगितलं.

२० नोव्हेंबर
स्वीडनहून फोन. मुनीबची आतेबहीण, रेमझा. तिने फिल्म इंटरनेटवर पाहिली. "ताई, माझ्या लग्नातला त्याचा एक फोटो आहे माझ्याकडे. तुमच्या चित्रातला माणूस... तो नाहीये." मामीला, म्हणजे मावशींना, स्वतः आणून देणार म्हणते. कुठल्या तोंडाने 'येऊ नकोस' म्हणू?

तिहोमीर विचारत होता, कॅमेरा घ्यायचा का.

नाही!

२७ नोव्हेंबर
रेमझाने फोटो मावशींच्या हातात दिला. त्यांनी चष्मा लावला. बराच वेळ बघितला. मग कौतुकाने म्हणाल्या, "गोड आहे गं. कोणाचा पोरगा?"