तिसऱ्या डब्याखालची पाटी

१ ऑक्टोबर २०१८, सोमवार
आज शिओमाए डेपोत रुजू झाले. वादळ रात्रीच ओसरलं. हवा धुतल्यासारखी स्वच्छ, समुद्र अजून गढूळ. स्टेशनपासून चालत चार मिनिटं. एक शेड, तपासणीचा एक खड्डा, दोन गाड्या आणि माझ्यासह तीन माणसं.

प्रमुख कुरामोची-सान त्रेसष्ट वर्षांचे, कमी बोलणारे. ओगिनो-सान पन्नाशीचे. त्यांचं तोंड मिटत नाही. म्हणाले, अकरा अर्ज आले होते नाएमुरा-सान, पण साहेबांनी तुमचाच उचलला. म्हणे, ही पोरगी डोळ्यांनी बघितल्याशिवाय शिक्का मारायची नाही. मग म्हणाले, पण इथे बघायला आहे काय, कावळे आणि मी! मी हसले. बऱ्याच दिवसांनी.

माझं काम ३१०० जातीच्या गाडीचा सेवा-इतिहास पूर्ण करणं. या जातीचे तीनच डबे देशात उरलेत आणि ते इथे आहेत. १९७१ मध्ये मोठ्या शहरातल्या एका कंपनीसाठी सहा डब्यांची गाडी बांधली. १९८६ मध्ये छतावर वातानुकूलन बसलं. १९९६ मध्ये निम्मे डबे मोडीत निघाले आणि उरलेले इथे आले. महिनाअखेर या इतिहासाच्या वहीवर माझा शिक्का बसला तर गाडी आणखी चार वर्षं धावेल. नाही बसला तर एक तारखेपासून सकाळची शाळेची गाडी बंद.

आधीच्या नोकरीत मी न बघितलेल्या ब्रेक-चाचणीच्या आकड्यांवर शिक्का मारला होता. कोणाला इजा झाली नाही. तरी मी नोकरी सोडली. हे मुलाखतीत सांगितलं होतं.

आज दर दहा दिवसांनी होणारी तपासणी होती. मी फक्त बघितली. चहा मात्र चार पेले ओतला गेला. चौथा खड्ड्याच्या काठावर, तिसऱ्या डब्यापाशी ठेवला. कोणी प्यायला आलं नाही.

३ ऑक्टोबर
कुरामोची-साननी मला पाटी दिली. गाडीखाली उतरणाऱ्याने आपल्या नावाची पाटी चालकाच्या कक्षातल्या हँडलवर अडकवायची. ती लावणाऱ्यानेच काढायची, दुसऱ्याने हात लावायचा नाही. काम सुरू करताना आणि वीज चढवण्याआधी एकाने पाट्यांकडे बोट करून मोठ्याने आकडा म्हणायचा: आधी ‘पाट्या तीन, ठीक!’, शेवटी ‘पाट्या नाहीत, ठीक!’ एक जरी असली तरी वीज चढवायची नाही. नियम सगळीकडे हाच. बोट, डोळा आणि तोंड एकाच जागी राहावं म्हणून.

माझी पाटी मुलामा दिलेल्या जुन्या पत्र्याची आहे. नाव ताज्या रंगात. रंगाखाली बोटाला काहीतरी उंचवटा लागतो. नवी का नाही, विचारलं. म्हणाले, जुनी टिकाऊ असते.

११ ऑक्टोबर
तपासणी. मी पहिला डबा केला, ओगिनो-साननी दुसरा. तिसऱ्याकडे निघाले तर ते म्हणाले, तो झालाय, तुम्ही चहा घ्या. कोणी केला? खालच्या माणसाने, म्हणाले आणि भाताच्या गोळ्यातली आंबट आलुबुखाराची बी चोखत बसले.

तक्त्यात तिसऱ्या डब्यासमोर मोटरला वीज पोचवताना घासून झिजणाऱ्या कार्बन ब्रशांची लांबी भरलेली होती. डावा ३१.८ मिलिमीटर, उजवा ३१.९. खाली लाल शिक्का: उसुई.

या डेपोत उसुई नावाचं कोणी नाही.

१२ ऑक्टोबर
जुने तक्ते काढले. उसुईचा शिक्का १९९६ पासून दर दहा दिवसांनी आहे. एकही खाडा नाही. अक्षर तेच, शिक्क्याच्या कडेवरची चीरही तीच. ब्रश बदलल्याच्या खेपा सोडल्या तर झीज दर वेळी ०.२. खऱ्या मोजमापात झीज इतकी समान निघत नाही; घरी बसून रचलेल्या आकड्यांतच निघते.

माझा अंदाज: तिसरा डबा इथे कोणी तपासतच नाही आणि कोणाचा तरी जुना शिक्का वापरात आहे. असला प्रकार मला नवा नाही. या वेळी मी गप्प बसणार नाही.

१५ ऑक्टोबर
शहरातल्या कंपनीच्या काळातली वही मिळाली. पान चिकटलेलं होतं. वाफ देऊन सोडवलं.

३१ ऑक्टोबर १९८३. डबा ३१४७, म्हणजे आपला तिसरा. उसुई तात्सुओ, वय पंचवीस, गाडीखाली असताना गाडी हलली. जागीच मृत्यू. पाटी हँडलवर लटकत होती. बोट करणाऱ्याने बोट केलं आणि सवयीने ‘पाट्या नाहीत, ठीक!’ म्हटलं. त्याला पाटी दिसली नाही.

बोट करणाऱ्याचं नाव: कुरामोची.

पुढच्या पानावर १० नोव्हेंबर १९८३ ची तपासणी. तिसरा डबा, ब्रशांची लांबी, लाल शिक्का. उसुई.

१६ ऑक्टोबर
कुरामोची-सानना सरळ विचारलं. त्यांनी नाकारलं नाही. म्हणाले, गाडी विकली गेली तेव्हा मी तिच्याबरोबर इथे आलो. इथेही पहिल्याच तपासणीला तक्ता भरलेला होता. खाली उतरून मोजलं, आकडे तंतोतंत जुळले. त्यानंतर आम्ही चहा ठेवतो. मग म्हणाले, या महिन्यात उसुई साठीचा झाला. एकतीसला निवृत्त होतो. पस्तीस वर्षं जास्तीची केली बिचाऱ्याने. हे सांगताना त्यांनी मला पर्सिमनच्या फळाची वाळवलेली फोड दिली.

मी खाल्ली नाही. अपराधी माणूस अशी गोष्ट रचतो आणि रचता रचता त्यालाच ती खरी वाटू लागते. किंवा मला घाबरवून न बघता शिक्का मारून घ्यायचा बेत आहे.

२१ ऑक्टोबर
तपासणी. मी पहिल्या डब्याखाली होते. ओगिनो-सानची आणि साहेबांचीही पाटी लागलेली. दोघं बाहेर आले, आपापल्या पाट्या काढल्या. मग वरून ओगिनो-सानचा आवाज आला: ‘पाट्या नाहीत, ठीक!’

मी ओरडत बाहेर आले. माझी पाटी हँडलवर होती. ओगिनो-सान पांढरेफटक पडले. आईची शपथ, इथे काही नव्हतं, म्हणत राहिले. मी पाटी काढून त्यांच्या नाकासमोर धरली. त्यांचे डोळे तिच्या दोन्ही बाजूंना फिरत होते.

कुरामोची-सान चहाचा पेला विसळत होते. वळले नाहीत.

२२ ऑक्टोबर
पाटीवरचं माझं नाव ब्लेडने खरवडलं. खाली पांढऱ्या मुलाम्यात उठावाची अक्षरं.
उसुई.

२४ ऑक्टोबर
बदलीसाठी मुख्य कार्यालयाला फोन केला. ते म्हणाले, तुमची निवड साहेबांच्या खास शिफारशीने झाली होती. एकटी राहते, काटेकोर आहे, बघितल्याशिवाय सोडणार नाही, असं पत्रात होतं. बदली एप्रिलमध्ये बघू.

आज सकाळी सात-वीसच्या गाडीने गेले. पासष्ट मुलं मोजली. एक मुलगी तिसऱ्या डब्यात जमिनीवर वही ठेवून गणितं सोडवत होती. तिच्या बुटांखाली दोन वितांवर ते ब्रश. तिथे खरोखर काय आहे हे कोणालाच माहीत नाही.

न बघता शिक्का मारणार नाही. शिक्का न मारता पळणारही नाही.

२९ ऑक्टोबर
तयारी केली. जुनी पाटी कपाटात कुलूपबंद. ॲल्युमिनियमची नवी पाटी कापली, नाव स्वतः ठोकलं. गाडीची किल्ली माझ्या छातीच्या खिशात राहील. किल्लीशिवाय छतावरचा वीज घेणारा पेंटोग्राफ तारेला लागत नाही, गाडी हलत नाही. हे मला माहीत आहे. यात श्रद्धेचा प्रश्न नाही.

३० ऑक्टोबर
उद्याचा तक्ता टेबलावर. तिसरा डबा आजच भरलेला. डावा ३१.४, उजवा ३१.५. शिक्का फिका, शाई संपत आल्यासारखा.
शेजारच्या रकान्यात त्याच अक्षरात: काम सोपवलं. नाएमुरा यांच्याकडे.

ओगिनो-सान म्हणाले, उद्या आजारी पडा ना, आम्ही कुठे बघतोय. पहिल्यांदाच विनोद केला नाही.

३१ ऑक्टोबर, सकाळी १०.१०
खड्ड्यात. तिसऱ्या डब्याखाली. नवी पाटी लावली. ओगिनो-सानकडून ती हात लावून मोठ्याने वाचून घेतली. किल्ली खिशात. पेंटोग्राफ खाली, स्वतः बघितला.

काठावर चहा. वाफ येतेय.

मोटरचं झाकण उघडलं. स्वच्छ. नुकतंच कोणीतरी पुसल्यासारखं.
डावा ३१.४.
उजवा ३१.५.
जुळतं. गाडी ठीक आहे. शिक्का मारता येईल. एवढंच हवं होतं. निघते.

१०.१६
वर कुरामोची-सान. ‘पाट्या नाहीत, ठीक!’
ओरडले. दोघांना ऐकू जात नाही. त्यांचे बूट दिसतायत — ओगिनो-सानचे बूट माझ्या हातापासून इतके जवळ — पकडले तरी —

किल्ली माझ्याकडे आहे. किल्लीशिवाय नाही हलत. खिशात —
थंड. चपटं. मुलाम्याचं.
ही पाटी तर कपाटात —

वर पेंटोग्राफ चढल्याचा आवाज. साहेब वाकून बघतायत. मला नाही. माझ्या शेजारी. त्यांनी टोपी काढली. म्हणतायत, इतकी वर्षं दमलास रे, जा आता —

१० नोव्हेंबर
तिसरा डबा. डावा ३१.२. उजवा ३१.३. लाल शिक्का: नाएमुरा. वहीवरही तोच.
सात-वीसला पासष्ट मुलं. पावलं मोजली.
वरून हाक: ‘पाट्या दोन, ठीक!’
काठावर चहा ठेवलाय. हात पोचत नाही.
मी सव्वीसची. साठीला अजून चौतीस —