कुकरवर पहारा

अण्णा, काल संध्याकाळी आमच्या विनोदी कार्यक्रमाचा पहिला भाग नाशिकच्या केबलवर लागला, आणि त्यात मी सहा जणांना लष्करी वर्दी घातली. तुम्हाला आवडलं नसतं, हे मला ठाऊक आहे. तरीही घातली.

देवळाली कॅम्पात तुम्ही जन्मभर जवानांचे कपडे शिवलेत. दुकानात कायदा एकच, ज्याची वर्दी त्याच्याच अंगावर. माप बघायलासुद्धा दुसऱ्याला चढवू द्यायची नाही. स्वतः तुम्हीही कधी घातली नाहीत. अजून डोळ्यांसमोर आहे: मी नऊ वर्षांची, एका मेजरसाहेबांचा इस्त्री केलेला कोट घालून आरशापुढे सॅल्यूट ठोकतेय, आणि मागून तुमचा हात येतो. गाल दुसऱ्या दिवशीही लाल होता. "वर्दी म्हणजे खेळणं नाही," एवढंच म्हणालात. आईनं माझी बाजू घेतली, तर रात्री तिच्याशीही बोलला नाहीत.

खेळणंच आहे, अण्णा. आमची अख्खी पलटण एका प्रेशर कुकरवर पहारा देते. तिसऱ्या शिट्टीला गॅस बंद करायचा, पण वरून हुकूमच येत नाही. अकरा शिट्ट्या होतात, डाळ करपते, आणि साहेब शिट्टीकडून लेखी खुलासा मागतात. कुकर माझा, स्वयंपाकघर माझं, पलटणीत दोन शिक्षिका आणि एक पोस्टमन. कापड बाजारातलं सगळ्यात स्वस्त खाकी. शिवलं मी, तुमच्याच मशीनवर, आणि बटणं मुद्दाम बायकांच्या कपड्यांसारखी डावीकडे लावली, म्हणजे ही खरी वर्दी आहे असं कुणी म्हणायला नको. एवढा मान तुमचा राखला. याहून जास्त राखणार नाही.

आज सकाळी शेजारचे सुभेदारकाका, तुमचं जुनं गिऱ्हाईक, दारात उभे. "पोरी, बटणं उलटी लावलीस. तुझ्या बापानं बघितलं असतं तर मशीन विकून टाकलं असतं." मी भांडायला पदर खोचूनच होते. तर म्हणाले, "आमच्या युनिटात अस्संच चालायचं. हुकूम येईपर्यंत कुणी हलायचं नाही. पुन्हा कधी दाखवणार?" आणि चहा न घेताच हसत हसत गेले.

म्हणजे ज्या वर्दीपायी तुम्ही मला मारलंत, ती घालणारेच हसले. तुम्हीच तेवढे हसायचे राहिलात.

हे पत्र मी टाकणार तरी कुठे? पण एक कबूल करते. काल कार्यक्रम सुरू व्हायच्या आधी मी तुमचा फोटो भिंतीकडे तोंड करून फिरवला होता. अजून सरळ केलेला नाही.