लालासाहेबांची कॅसेट व जुना डेक यांबाबत

मी, आकाराम तात्याबा थोरात, वय ६३, निवृत्त हवालदार, राहणार सातारा, डोके ठिकाणावर असताना, कोणाच्या दडपणाविना, स्वहस्ते लिहून ठेवतो की माझ्या पश्चात खालीलप्रमाणे व्यवस्था व्हावी.

१. राहते घर व बँकेतील ठेव पत्नी धोंडुबाई हिची. तिच्यानंतर मुलगी पूजा हिची.

२. माझे स्क्रू ड्रायव्हर व चिमटे मुलगा धैर्यशील याला. याने माझ्या कॅसेट डेकला चारचौघांत भंगार म्हटले होते, ते मी विसरलेलो नाही. तरी देतो.

३. सदर डेक १९९१ साली सांगलीत जुना घेतला. नव्याची ऐपत नव्हती. सैल झालेला बेल्ट बदलला, दर रविवारी स्पिरिटच्या बोळ्याने हेड पुसले. एवढी काळजी मी माणसांची घेतली नाही.

४. थोरले बंधू लालासाहेब फौजेत होते. वहिनी चंद्राबाई, राहणार आष्टा, यांना वाचता येत नाही, म्हणून दादा पत्राऐवजी कॅसेट भरून पाठवत. तीच पुसून वहिनी इकडचे बोलणे भरत व परत धाडत. दादा वारले तेव्हा त्यांची शेवटची तेवढी उरली. ती कधी पुसली जाऊ नये म्हणून वहिनींनी माझ्याकडूनच तिच्या कडेची प्लॅस्टिकची टिकली मोडून घेतली.

१९९२ साली त्यांचा टेप बिघडला, म्हणून कॅसेट माझ्याकडे ठेवली. मी ऐकली. दादांचे बोलणे थांबले. पुढे कोरीच असणार असे समजून, डेकचे रेकॉर्डिंग तपासायला मी टिकली मोडलेल्या भोकावर चिकटपट्टी लावली, म्हणजे कॅसेट पुन्हा भरता येते, आणि "हॅलो, एक दोन तीन" करत बसलो. घरच्यांशी बोलून झाल्यावर दादा जरा थांबून मग फक्त वहिनींशी बोलत, हे मला ठाऊक नव्हते. त्या बोलण्यातले टेपच्या टोकाला "जपून ऱ्हा, चंद्रा" एवढेच शिल्लक राहिले.

वहिनींना मी सांगितले, डेकमध्ये टेप गुंडाळून तुटली, टाकून दिली. खोटे. ती माझ्या ट्रंकेत आहे. माझा गाढवपणा झाकण्यासाठी मी दादांचा उरलेला सगळा आवाज दडवला, आणि सहा दिवाळ्या त्यांच्या घरी फराळाला बसलो. मला लाज वाटते. माझ्या पश्चात डेक व कॅसेट वहिनींना द्यावी.

५. कलम ४ मधील शेवटचे वाक्य रद्द. लिहिलेले वाचताना वाटले, मेल्यावर कबुली देणे हा पळपुटेपणा आहे. म्हणून काल डेक मांडीवर घेऊन एस.टी.ने आष्ट्याला गेलो. सगळे सांगून कॅसेट लावली. वहिनींनी माझ्या "एक दोन तीन"सकट शेवटपर्यंत ऐकली. मग म्हणाल्या, "भावजी, पुसलं त्ये मला तोंडपाठ हाय. पर त्यांचा आवाज कसा व्हता, त्योच इसरून गेल्ते मी."

मी माफी मागू लागलो.

"आता गप बसा. पुन्यांदा लावा."

डेक व कॅसेट तिथेच ठेवून आलो. त्यांवर माझ्या वारसांचा हक्क नाही.

हे सर्व खालील दोघांसमोर मोठ्याने वाचून सही केली.

आकाराम तात्याबा थोरात

साक्षीदार:
१. आप्पासो जोतीराम माने
२. गंगाधर वाळिंबे

सातारा, १४ नोव्हेंबर १९९८