बाबांची एक्केचाळिसावी लेव्हल

माझ्यामागे बाबांच्या डाव्या अंगठ्याला काम कोण देईल? याचं उत्तर मला माहीत नाही. तरीही मी, शर्वरी विष्णू दिघे, वय चोवीस, राहणार फ्रीगंज, उज्जैन, सोमवारच्या हृदयाच्या ऑपरेशनआधी, पूर्ण शुद्धीत आणि कुणाच्याही दबावाशिवाय हे लिहून ठेवते. परत येईन असं मला वाटत नाही.

१. घर भाड्याचं आहे. आमच्या घरातली पहिली पदवी, माझी बी.एस्सी., भिंतीवर आहे, ती आईची. "मग नोकरी कुठे?" असं विचारणाऱ्याला तिने चहा देऊ नये.

२. भंगारातून गोळा केलेले सात जुने मोबाईल. त्यांत मी एम्युलेटर, म्हणजे टीव्हीला जोडायच्या जुन्या मशीनचे गेम फोनवर चालवणारं ॲप, टाकलं आहे. हे देवास गेटच्या दुरुस्तीवाल्या मंदारदादाला. "शर्वरी, ये डिब्बे फेंक दे यार," म्हणत त्यानेच प्रत्येकाची बॅटरी बदलली. त्याने ते लकवा झालेल्यांच्या घरी फुकट द्यावेत. विकू नयेत.

३. प्रसादकाकांना काही नाही. "ग्रॅज्युएट झाली आणि बापाला व्हिडिओ गेम लावला!" हे ते बाबांसमोर म्हणाले होते. बाबांची वाचा गेली आहे, कान नाहीत गेले.

४. बाबांचा फोन. बाबा रेल्वेत पॉइंट्समन, म्हणजे गाडीसाठी रूळ बदलणारे, होते. लकव्याने उजवी बाजू गेली, पडून राहून डावा अंगठाही आखडू लागला, तेव्हा मी गेमची सगळी बटणं स्क्रीनच्या डाव्या कोपऱ्यात आणली. दोन वर्षांत ते एक्केचाळिसाव्या लेव्हलला पोचले. मग मला सुधारणा सुचली. मी ॲप अपडेट केलं. नव्या ॲपला जुना सेव्ह, म्हणजे तिथवरचा साठवलेला खेळ, वाचता आला नाही आणि त्यावर कोरा सेव्ह चढला. प्रत ठेवली नव्हती. जगाला टेक्नॉलॉजी शिकवायला निघालेली मी.

मी जुनं ॲप परत टाकलं, फक्त डाव्या अंगठ्याने अठरा दिवस खेळले, एक्केचाळीस गाठलं आणि म्हटलं, "बाबा, मिल गया! तुमचंच आहे." त्यांनी स्क्रीन पाहिली. ते नेहमी पाच जीव राखून खेळायचे. माझ्याकडे एकच उरला होता. फोन उलटा ठेवून त्यांनी भिंतीकडे तोंड केलं. त्याला आज नऊ दिवस झाले. अंगठा पुन्हा आखडतो आहे.

हा फोन बाबांचाच राहील. कुणीही काही अपडेट करू नये. आईने रोज चार्ज करावा, ते खेळले नाहीत तरी.

माझा खोटा सेव्ह कुणाच्या वाट्याला येणार नाही. तो मी आज सकाळी बाबांसमोर पुसला, खरं काय ते सांगितलं, आणि पहिली लेव्हल उघडून फोन त्यांच्या डाव्या हातात ठेवला आहे.

सही: शर्वरी विष्णू दिघे
शर्वरीने आमच्या डोळ्यांसमोर वाचून सही केली:
१. अमृता पोतनीस (सही)
२. आदित्य मुजुमदार (सही)
उज्जैन, १३ फेब्रुवारी २०२५